वारेवालीची शंका

"खाली बसा!" वारेवाली ओरडली, आणि भिंतीआडचा माणूस नेमका उठून उभा राहिला.

सकाळी सहाचा फुगा तिने नुकताच सोडला होता. एरवी शहाण्यासारखा सरळ वर जाणारा फुगा त्या दिवशी समुद्रावरच्या झुळकीने आडवा झाला, जुन्या भिंतीला घसटत गेला, आणि त्याच्या दोरीला टांगलेल्या चकचकीत खुणेच्या हुकाने त्या माणसाची टोपी अलगद उचलली. इतकी अलगद, की टोपी गेल्यावरही त्याचा हात काही वेळ डोक्यावर टोपी चाचपत राहिला.

"अहो... माझी टोपी!"

"बोलू नका." तिचा डोळा दुर्बिणीला चिकटलेला होता. "दर अर्ध्या मिनिटाला कोन टिपायचा असतो मला."

तो बिचारा नुसता वर बघत राहिला. टोपी वर वर जात राहिली.

"तुमची टोपी आता तीनशे मीटरवर आहे," ती दुर्बिणीतूनच म्हणाली. "म्हणजे, माझ्या गणिताने. खरं तर नसणार. फुगा मिनिटाला तीनशे मीटर चढतो असं धरून मी उंची काढते. आता तो ओझं घेऊन चढतोय. तुमच्या टोपीने माझी अख्खी सकाळ पाण्यात घातली."

"नव्वद ग्रॅम."

"काय?"

"टोपीचं वजन. काल पोस्टातला काटा रिकामा दिसला, म्हणून ठेवून बघितली होती."

स्वतःच्या टोपीचं वजन माहीत असलेला माणूस वारेवालीने जन्मात पाहिला नव्हता. तिने दुर्बिणीवरचा डोळा काढून त्याच्याकडे बघितलं. विस्कटलेले केस, गळ्यात मोजपट्टी, कानामागे पेन्सिल, आणि चेहरा असा, की गुन्हा कबूल आहे, शिक्षा सांगा... तेवढ्या एका क्षणात फुगा दुर्बिणीतून निसटला, तो निसटलाच.

सहा वर्षांत तिचा फुगा कधी हरवला नव्हता.

*

उड्डाणतळ तसा लहानच. समुद्राकाठी वाळूचा पट्टा, त्यावर काँक्रीटचा एक चौकोन, त्याला सगळे 'जुना ओटा' म्हणत. ओट्यावर तिरकस उभा केलेला लोखंडी रूळ, शंभर पावलांवर जाड भिंतींची नियंत्रण खोली, आणि मागे कँटीन. इथून उपग्रह वगैरे जात नसत. जात ती दोन माणसांच्या उंचीची सडपातळ रॉकेटं. शंभरेक किलोमीटर वर जाऊन, तिथली हवा मोजून, समुद्रात पडायची. त्यांना सुकाणू नसतं. सुटताना वेग कमी असतो, तेवढ्यात वारा त्यांचं नाक आपल्याकडे वळवून घेतो. म्हणून उड्डाणाआधी फुगे सोडून वारा मोजायचा आणि तेवढा रूळ आधीच उलट्या बाजूला झुकवायचा. हे काम वारेवालीचं. तिचं खरं नाव हजेरीपटावर होतं, पण ते हजेरीपटालाच माहीत.

आता समुद्र ओट्यापासून चाळीस पावलांवर आला होता. टेकाडापलीकडे नवा ओटा बांधायचं ठरलं होतं, आणि जुन्यावरून एकच उड्डाण उरलं होतं. तो फोडण्याआधी त्याचा इतिहास लिहून ठेवावा, म्हणून संग्रहालयाने हा माणूस पाठवला होता. दुसऱ्या दिवसापासून त्याचं नाव पडलं 'टेपवाला'.

टेपवाला सगळंच मोजायचा. ओट्याची जाडी, रूळाची लांबी, खिडकीच्या काचेतले बुडबुडे. आणि रोज सकाळी सहाला – का कोण जाणे – त्याचं मोजमाप नेमकं फुग्यांच्या अंगणाजवळ येऊन ठेपायचं.

"हे बघा," एकदा त्याने तिला ओट्याची फुटलेली कड दाखवली. "सात थर आहेत. दर चार-पाच वर्षांत ज्वाळांनी काँक्रीट खाल्लं, की वरून नवीन ओतलं. हा सर्वांत खालचा थर दिसतो? यात शिंपले आहेत. पहिल्या लोकांकडे खडी नव्हती, म्हणून किनाऱ्यावरचे शिंपले मिसळले. मिठागराच्या गोदामात त्यांनी पहिलं रॉकेट जोडलं. रूळ जोडून दिला तो पूल बांधणाऱ्या कामगारांनी. म्हणून तर त्याला पुलाचे खिळे आहेत!"

"मी सहा वर्षं रोज याच ओट्यावर बसून चहा पिते," वारेवाली म्हणाली. "कुणी सांगितलं नाही मला."

"तुम्ही वर बघत असता ना."

"आणि तुम्ही?"

"मी... आधी खाली बघायचो." तो कानापर्यंत लाल झाला आणि मोजपट्टी गुंडाळायला लागला. ती गुंडाळलेलीच होती.

कँटीन वारेवालीची ताई चालवायची. सख्खी, पाच वर्षांनी मोठी, नजर घारीची आणि जिभेला हाड नाही.

"काय ग," चहा ओतता ओतता ताई म्हणाली, "त्या ओट्याची लांबी रोज बदलते का?"

"का?"

"नाही, तुमचा टेपवाला रोज मोजतोय म्हणून विचारलं. सोमवारी मोजला, मंगळवारी मोजला. मला वाटलं, भरती-ओहोटीबरोबर वाढत-घटत असेल."

"ताई, हळू बोल!"

"आणि साखर किती घेतो ते मला पाठ झालंय. तुला झालंय का?"

"दीड चमचा," वारेवालीच्या तोंडून निघून गेलं. ताईने किटली खाली ठेवली आणि पदराने तोंड दाबून हसत राहिली.

पण टेपवाल्याचा जीव अडकला होता एका वहीत. नियंत्रण खोलीत कपाटात ठेवलेली 'थांब्यांची वही'. मोजणी सुरू असताना कुणीही, अगदी दारावरचा पहारेकरीही, "थांबा" म्हणाला की सगळं थांबवायचं, हा तळाचा जुना कायदा. भिंतीवर लाल रंगाने लिहिलेलं होतं – *थांबा म्हणणाऱ्याला आधी धन्यवाद, मग प्रश्न.* आणि प्रत्येक थांब्याचं कारण ज्याचं त्याने वहीत लिहायचं, स्वतःच्या अक्षरात, खरंखुरं.

"ऐका," तो ओट्यावर पाय सोडून बसला होता, ती शेजारी. मध्ये दोन कप. "'ओट्यावर कुत्री व्यायली आहे. पाच पिल्लं. सहा दिवस थांबा.' आणि हे – 'मुख्य किल्ली सापडत नाही.' खाली दुसऱ्या अक्षरात – 'सापडली. साहेबांच्या खिशात.'"

ती खळखळून हसली. तो तिच्याकडे बघत राहिला आणि पान उलटायचं विसरला.

"एकूण एकाहत्तर थांबे," मग तो हळू म्हणाला. "त्रेचाळीस वेळा शोधून काहीच सापडलं नाही."

"आणि अठ्ठावीस वेळा?"

"अठ्ठावीस वेळा कुणीतरी संध्याकाळी घरी जेवायला गेलं, जे गेलं नसतं. लोकांना वाटतं, उड्डाणतळाचा इतिहास म्हणजे उड्डाणांचा इतिहास. मला वाटतं, या वहीचाच."

वाऱ्याने तिची बट उडून तिच्या कपात पडली. त्याचा हात पुढे झाला... अर्ध्यावर थांबला... आणि त्याने स्वतःचाच कप उचलला.

"परवा उड्डाण," ती समुद्राकडे बघत म्हणाली. "मग काय?"

"माझ्या इथे राहायच्या परवान्यावर लिहिलंय – जुन्या ओट्यावरचं शेवटचं उड्डाण होईपर्यंत."

"म्हणजे परवापर्यंत."

"वाऱ्याची कृपा असेल तर," तो म्हणाला. ती हसली नाही.

*

उड्डाणासाठी समुद्र दोनच सकाळी मोकळा मिळणार होता. तिसऱ्या दिवसापासून मासेमारीचा मोसम, मग किनाऱ्यावर बोटीच बोटी. या दोन दिवसांत उडालं तर उडालं. नाहीतर रॉकेट वर्षभर डब्यात, ओट्यावर फोडायची यंत्रं, आणि मामा घरी.

मामा म्हणजे तळाचे प्रमुख. समोर सगळे 'सर' म्हणायचे आणि पाठ वळली की मामा. डाव्या हाताला तीनच बोटं, आवाज ढगांसारखा, आणि निवृत्तीला आठ दिवस. या ओट्यावरचं त्यांचं पहिलं काम रॉकेटला रंग देण्याचं होतं; शेवटचं काम आज होतं.

नियंत्रण खोलीत दहा माणसं. कोपऱ्यातल्या स्टुलावर वही घेऊन टेपवाला.

शेवटचा फुगा बघून वारेवाली धावतच आत आली. आकडे ठीक होते. मर्यादेच्या आत. पण दोनशे मीटरवर फुगा थरथरला होता. दोनच नोंदींपुरता, कुणी खांद्याला धक्का द्यावा तसा. मग पुन्हा सरळ. असं तिने याआधी दोनदा बघितलं होतं. एकदा दहा मिनिटांत वारा फिरला होता. एकदा काहीच झालं नव्हतं.

"इंधन?" मामांनी विचारलं.

"तयार."

"रूळ?"

"तयार."

"समुद्र?"

"मोकळा."

"वारा?"

वारेवालीने तोंड उघडलं, आणि तिची नजर कोपऱ्यातल्या स्टुलाकडे गेली.

*मला फुग्याची शंका येतेय, की मला याने जायला नकोय?* उड्डाण झालं की परवाना संपला. थांबा म्हटलं की आणखी एक दिवस. आजवर तिला स्वतःच्या आकड्यांची शंका आली होती, दुर्बिणीची आली होती. स्वतःची कधी आली नव्हती. आणि आता गंमत अशी, की त्याच लाजेपायी तिला 'तयार' म्हणून मोकळं व्हावंसं वाटत होतं. म्हणजे कुणी बोट दाखवायला नको.

ते लक्षात आलं मात्र, आणि तिने ठरवलं.

"वारा?" मामांनी पुन्हा विचारलं.

"थांबा," ती म्हणाली.

मामांच्या कपाळावरची शीर उडाली. त्यांनी भिंतीवरच्या लाल अक्षरांकडे बघितलं आणि म्हणाले, "धन्यवाद. ...का?"

"दोनशे मीटरवर फुगा थरथरला. शंका आहे."

"आकडा?"

"आकडा मर्यादेत आहे, सर."

पुढचा फुगा सोडला. तो इतका सरळ गेला, जणू कुणी आभाळातून दोरीने ओढून घेतोय. वारा फिरला नाही. काही म्हणजे काही झालं नाही. पण तोवर रॉकेटची बॅटरी उतरली होती, ती भरायला चार तास, आणि तेवढ्यात समुद्र मोकळा मिळायची वेळ संपली. एक सकाळ गेली.

"काय हो वारेवाली," बाहेर पडताना टेलिफोनवाला डोळे मिचकावत म्हणाला, "वारा नैर्ऋत्येकडून होता, की कोपऱ्यातल्या स्टुलाकडून?"

सगळे हसले. राग यायला पाहिजे होता, पण आली ती भीती. कारण याचं उत्तर तिलाही माहीत नव्हतं. आणि उद्या वारा खरंच फिरला, तर जुना ओटा, मामांचं शेवटचं उड्डाण, सगळं एका शंकेपायी गेलं असतं.

*

दुपारी ती मामांच्या खोलीत गेली. ते खिडकीशी उभे राहून ओट्याकडे बघत होते.

"सर, मला काहीतरी सांगायचंय."

"बस. टेपवाल्याबद्दल ना?"

ती उभीच राहिली. "तुम्हाला कसं–"

"पोरी, इथे आंधळा फक्त रडार आहे, तोही पावसात." ते खुर्चीत बसले. "बोल."

"मला कळत नाहीये, मी थांबा कशासाठी म्हटलं. फुग्यासाठी की... उद्याही नाही उडालं तर मी स्वतःला–"

मामांनी तीन बोटांचा हात टेबलावर ठेवला. "हे कसं झालं, माहितेय?"

"अपघातात."

"अपघातात नाही, लाजेत. दुसऱ्या दिवशी माझं लग्न होतं. नळीच्या सांध्यातून मला बारीक सू-सू ऐकू येत होतं. थांबा म्हणावं, असं दहादा मनात आलं. पण म्हटलं, लोक म्हणतील नवरदेव घाबरला, लग्न पुढे ढकलतोय. गप्प बसलो." त्यांनी हात उलटा करून बघितला. "दोन बोटं गेली, आणि लग्न दोन महिने पुढे गेलंच! वर बायको आजतागायत म्हणते, तुम्हाला करायचंच नव्हतं. तो नियम मग मीच रंगवला भिंतीवर. आधी धन्यवाद, मग प्रश्न. शंका कुठल्या दारातून आली ते विचारायचं नाही. आली की बोलायचं."

वारेवालीच्या डोळ्यांत पाणी आलं.

"रडायचं नाही. वहीत नोंद कर. पण खरी कर हं. अर्धी खरी नोंद मला चालत नाही."

"खरी केली तर तो वाचेल. रोज नोंदी उतरवून घेतो तो."

"मग?" मामा चष्मा पुसायला लागले. "वाचता येतं त्याला."

तिने वही उघडली. बराच वेळ पेन हवेत धरलं. मग आपल्या नीटस, सरळ अक्षरात लिहिलं:

*थांबा क्रमांक बहात्तर. दोनशे मीटरवर फुगा दोन नोंदींपुरता थरथरला. आकडा मर्यादेत. पुढच्या फुग्यात काही आढळलं नाही. आणखी एक नोंद – आज उड्डाण झालं असतं, तर पाहुण्यांचा परवाना संपला असता. ते मला नको होतं. थांबा म्हणण्यात यातलं कुठलं कारण किती होतं, हे मोजायचं साधन माझ्याकडे नाही. – वारा विभाग.*

वही कपाटात ठेवली, आणि तडक घर गाठून, ताईला "मी झोपलेय" असं सांगून, भर दुपारी पांघरूण डोक्यावरून ओढून घेतलं.

*

दुसऱ्या दिवशी सकाळी टेपवाला अंगणात आला नाही. पहिल्यांदाच.

*वाचली असणार,* ती मनात म्हणाली. तिने ओठ घट्ट मिटले आणि फुगे सोडत राहिली. एक, दोन, तीन. आभाळ धुतल्यासारखं. फुगे सरळ, आकडे सरळ, आणि कितीही शोधली तरी शंका सापडेना. 'थांबा' म्हणायला तिच्याकडे आता काहीही कारण नव्हतं. एक होतं ते सोडून. आणि तेवढ्या एकट्यावर ती म्हणणार नव्हती.

खोलीत आली तेव्हा तो स्टुलावर होता. त्याने मान वर केली नाही.

"इंधन?"

"तयार."

"रूळ?"

"तयार."

"समुद्र?"

"मोकळा."

"वारा?"

"तयार," वारेवाली म्हणाली. आवाज कापला नाही. फक्त हात तिने पाठीमागे घट्ट धरले होते.

आधी उजेड आला. मग आवाज... छातीत, दातांत, खिडकीच्या काचेत. रूळावरून एक पांढरी रेघ सुटली, वाऱ्याने तिच्या नाकाला जेवढं वळवायचं तेवढंच वळवलं, बरोबर तिने सांगितलं होतं तेवढं. आणि बघता बघता आभाळात नुसता धुराचा एक धागा उरला.

"सरळ!" रूळवाला किंचाळला. "सुतासारखं सरळ!"

मामा टाळ्या वाजवत होते, डोळे पुसत होते, टेलिफोनवाल्याला मिठी मारत होते, आणि टेलिफोनवाला फोनमध्ये कुणाला तरी सांगत होता की मला सर मिठी मारतायत. ताई कँटीनमधून पळी घेऊन धावत आली होती. त्या गोंधळात वारेवाली गुपचूप बाहेर पडली.

"थांबता का जरा? मला तुमच्यासारखं पळता येत नाही!"

टेपवाला धापा टाकत मागून येत होता. पहिल्यांदाच त्याच्या गळ्यात मोजपट्टी नव्हती.

"तुमची नोंद वाचली," तो म्हणाला.

"सरकारी कागद आहे. वाचायलाच असतो."

"चूक आहे त्यात."

"शक्यच नाही." तिची मान झटक्यात वर झाली. "फुगा थरथरला होता. मी स्वतः–"

"फुग्याचं बरोबर आहे. परवान्याचं चुकलंय. माझा परवाना संपत नाहीये."

"...म्हणजे?"

"नव्या ओट्यासाठी नोंदी ठेवायला माणूस हवा होता. पहिल्या दिवसापासून. मी सरांकडे अर्ज केला. मंजूर झाला."

"कधी?"

तो वाळूकडे बघायला लागला. "नऊ दिवस झाले."

"नऊ दिवस!" तिचा आवाज चढला. "आणि त्या दिवशी ओट्यावर बसून 'वाऱ्याची कृपा' म्हणत होतात? काल मी जिवाला किती घोर लावून घेतला, ठाऊक आहे? सरांना माहीत होतं? आणि त्यांनीही..."

"मीच म्हटलं, सांगू नका. सांगितलं असतं तर तुम्ही विचारलं असतं, राहताय कशासाठी."

"मग? सांगायचं कारण!"

"तेच तर जमत नव्हतं." त्याने मान वर केली. कान लाल होते, पण नजर हलली नाही. "मोजमापं माझी पहिल्याच आठवड्यात संपली होती. पुढचे बारा दिवस मी अंगणाजवळची तीच भिंत मोजतोय. एक मीटर ऐंशी. रोज. तुम्ही सहाला येता, साडेसहाला हसता, कधी कधी पावणेसातला... मला तुम्ही आवडता. खूप. हे काल रात्री – नाही, खरं सांगायचं तर टोपी गेली तेव्हापासून. काल तुमची नोंद वाचली आणि लाज वाटली. जी गोष्ट मी इतके दिवस लपवली, ती तुम्ही शाईने लिहून टाकलीत. सकाळी तोंड दाखवायची हिंमत होईना."

तिला रागवायचं होतं. चांगलं ठणकावून. पण हसू कुठून तरी गालांपर्यंत आलंच होतं.

"म्हणजे काल मी 'तयार' म्हटलं असतं, तरी तुम्ही गेला नसतात?"

"बसने ओढून नेलं असतं तरी नाही."

"मग माझी शंका फुकटच गेली म्हणायची."

"तुमच्या थांब्याला दोन कारणं होती," तो गंभीरपणे म्हणाला. "एक रद्द झालं. उरलं ते फुग्याचं. म्हणजे तुमचा थांबा शंभर टक्के शास्त्रीय होता. पुराव्यासकट."

आता मात्र ती हसली. मोठ्याने, मनापासून, वाळूवरचे दोन पक्षी उडून जातील इतकी. "वेडा आहेस तू," ती म्हणाली, आणि अहो-जाहो कधी गळून पडलं, ते दोघांनाही कळलं नाही.

मागून ताईची हाक आली, "अग ए, चहा गार होतोय! दोघांचा!"

"येतो!" दोघं एकदम ओरडले, आणि उलट्या दिशेने चालू लागले.

टेकाडापलीकडे नवा ओटा होता. होता म्हणजे, व्हायचा होता. वाळूत ठोकलेल्या चार खुंट्या, त्यांना गुंडाळलेली सुतळी, आणि मध्ये सकाळच्या वाऱ्याने काढलेल्या लाटांसारख्या रेघा. बाकी आभाळ.

टेपवाल्याने खिशातून कोरी वही काढली. पहिलं पान उघडलं, तारीख घातली आणि पेन्सिल चावत राहिला.

"काय झालं?" तिने विचारलं.

"इतिहास लिहायचाय, आणि इथे अजून काही घडलंच नाहीये."

वारेवाली सुतळी ओलांडून चौकोनाच्या मधोमध गेली. वळली. हात पुढे केला. तो आत आला, जरा घाबरत, ओल्या सिमेंटवर पाय द्यावा तसा. तिने त्याचा हात हातात घेतला, बोटांत बोटं गुंतवून, घट्ट.

"आता घडलं," ती म्हणाली. "लिही."